खाऱ्या पाण्यातली सोयरीक

माझे बाबा तुलाराम माणसं पाखडत असत. त्यासाठी त्यांना सूप लागत नसे. कोणी अंगणात येऊन खाटेवर टेकेपर्यंत त्यांचा निकाल लागलेला असे. माणूस एक तर भरला, नाहीतर पोचट. धानाच्या दाण्यात तांदूळ असतो किंवा नसतो, तिसरं काही नसतं, तसंच माणसाचं, असं त्यांचं म्हणणं.

मोहाडीपासून दोन कोसांवर आमचं गाव. साठेक घरं, आणि साठही घरांचे निकाल बाबांना तोंडपाठ. वेळेवर येणारी एसटी भरली आणि तिचा ड्रायव्हरही भरला. दुसऱ्या दिवशी तीच गाडी पंक्चर झाली की ड्रायव्हर, कंडक्टर आणि आत बसलेले सगळे पोचट. शेजारचे यादोराव सात वर्षांपासून पोचट होते, कारण धानाच्या एका रोवणीला त्यांनी आमच्या बांधीतलं, म्हणजे खाचरातलं, पाणी रातोरात आपल्या बांधीत घेतलं होतं. त्याआधी चाळीस वर्षं ते भरलेले होते, बाबांबरोबर एका ताटात जेवलेले होते. ती चाळीस वर्षं त्या पाण्याबरोबर वाहून गेली.

"अवो, माणूस म्हणजे धान आहे का?" माझी माय गोदावरीबाई म्हणायची.

"धानापेक्षा सोपा आहे," बाबा म्हणायचे. "धान फोडून पाहा लागते. माणूस बोलला का समजते."

माय स्वतः कोणत्या ढिगात आहे हे तिनं कधी विचारलं नाही. स्वयंपाक बिघडला की ती पोचट होत असणार आणि संध्याकाळी भाकरीबरोबर ठेचा वाढला की पुन्हा भरत असणार. पण ती हसून सोडून द्यायची. मी सोडणारी नव्हते. मी, चंद्रभागा, नुकतीच मॅट्रिक झाले होते आणि बाबांशी वाद घालायला मला फार आवडायचं.

चौऱ्याहत्तर सालची गोष्ट. आदल्या दिवाळीनंतर आमच्या गावात मंडई भरली. आमच्याकडे मंडई म्हणजे नुसता बाजार नाही. गावोगावचे पाहुणे येतात, रात्रभर दंडार, म्हणजे नाचगाण्याचं नाटक, होते आणि लग्नाच्या पोरापोरींची पाहापाही तिथंच उरकते. आंबागडचे गोपीचंद पाटील त्यांच्या पोराला, तेजरामला, घेऊन आले. मी चहा घेऊन गेले तेव्हा बाबांची परीक्षा सुरू होती.

"चहा पिणं चांगलं का वाईट?" बाबांनी तेजरामला विचारलं.

"ते कोणाच्या हातचा आहे त्यावर आहे जी," तेजराम म्हणाला.

बाबांच्या कपाळावर आठ्या आल्या. असलं उत्तर त्यांच्या कोणत्याच ढिगात बसत नव्हतं. गोपीचंदांनी पोराला कोपरानं ढोसलं. "चांगलं," तेजराम घाईघाईनं म्हणाला. बाबांचा चेहरा खुलला. "पोरगा भरला आहे," त्यांनी तिथंच जाहीर केलं. मला मात्र त्याचं पहिलंच उत्तर आवडलं होतं. आजवर आमच्या घरात कोणी असं उत्तर दिलेलं मी ऐकलं नव्हतं. घरात असा एक माणूस असला तर किती हवा येईल, असं मला वाटलं. कपबश्या उचलताना मी मनात ठरवून टाकलं, करायचं तर ह्याच्याशीच.

जेठ महिन्यातली तारीख निघाली. लग्नाला बारा दिवस उरले असताना गोपीचंदांनी एसटीच्या टपावर टाकून एक पोतं धानाचं बियाणं पाठवलं. आंबागडच्या डोंगराखालचा बारीक, वासाचा धान. 'नव्या इवाईंना', म्हणजे व्याह्यांना, 'भेट' असा निरोप. बाबा दोन दिवस ते पोतं येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवत होते. गोपीचंद भरला, त्याचं पोतंही भरलं.

नेमकं त्याच आठवड्यात आमच्या ग्रामसेवक भैय्यालालजींनी चावडीपुढं बियाण्याची नवी परीक्षा करून दाखवली. पाण्यात मीठ घालायचं आणि त्यात बी सोडायचं. पोचट दाणे वर तरंगतात, भरलेले बुडी मारतात. वरचे काढून टाकायचे, खालचे धुऊन सावलीत वाळवायचे. बाबा पुढच्या रांगेत बसले होते. आपलं सगळं तत्त्वज्ञान सरकारनं मान्य केलं आहे, असा त्यांचा चेहरा होता.

"दहा लिटर पाण्याले तीनशे ग्रॅम मीठ," भैय्यालालजींनी तीनदा सांगितलं.

घरी येताना बाबा आमच्या सालगड्याला, मंगरूला, म्हणाले, "तीनशे ग्रॅम? एवढं तर भाजीले लागते. मीठ चांगलं असन तर जास्त घाला. वाईट असन तर घालूच नका. थोडं थोडं कायले?"

मंगरू म्हणाला, "खरं आहे मालक." मंगरू सगळ्यालाच खरं आहे म्हणत असे. म्हणून तो बारा वर्षं सलग भरला होता.

मायचं पितळेचं मोठं गंगाळ अंगणात आलं. त्यात दोन घागरी पाणी पडलं. आणि लोणच्यासाठी, गुरांसाठी म्हणून मोहाडीच्या बाजारातून आणलेलं खडेमिठाचं अर्धं पोतं बाबांनी वरून ओतलं. मंगरू काठीनं ढवळून दमला. मीठ विरघळायचं थांबलं आणि तळाशी वाळूसारखं साचलं.

"माह्या गंगाळाचं पितळ खाऊन टाकन ते मीठ," माय म्हणाली.

"पितळ भरलं असन तर काही नाई होत," बाबा म्हणाले, आणि त्यांनी गोपीचंदांच्या पोत्यातलं एक सूपभर बी गंगाळात सोडलं.

सगळं बी वर आलं. एकूण एक दाणा. गंगाळावर धानाची चटई अंथरावी तसं. बाबांनी हातानं दाबून पाहिलं. दाणे बोटांमधून वर येऊन पुन्हा तरंगू लागले. दुसरं सूप टाकलं, तेही तरंगलं. तिसरंही.

बाबा उठले. धोतराला हात पुसले. "पोचट," ते म्हणाले.

"पाणी जास्त खारं झालं असन बाबा," मी म्हटलं.

"पोचट बी देणारा माणूस पोचट. पोचट माणसाचं पोरगं पोचट. विषय मिटला."

मिटला म्हणजे काय मिटलं ते मला क्षणभर कळलंच नाही. कळलं तेव्हा बाबा ओसरीवर बसून पोस्टकार्ड लिहीत होते. मी मागून वाकून वाचलं. 'बियाणं पोचट निघालं. सोयरीक मोडली. तुलाराम.' कार्डाची तीन चतुर्थांश जागा कोरीच होती.

"राम राम तरी लिहा," माय म्हणाली.

"पोचट माणसाले राम राम कायले?"

"लग्नाला दहा दिवस आहेत. पत्रिका वाटून झाल्या. पोरीच्या मनाचं काही विचारलं का?"

"तिच्यासाठीच करून राहिलो," बाबा म्हणाले, आणि कार्ड मंगरूच्या हाती देऊन त्याला मोहाडीला पाठवलं. मी मागून धावले, "मंगरूभाऊ, नको टाकू ते." मंगरू म्हणाला, "खरं आहे बाई." आणि कार्ड टाकून आला.

मी त्या दिवशी जेवले नाही. माय म्हणाली, "रडू नको व. तुह्या बाबाचं पाणी आपोआप खाली जाते. पण त्याले वेळ लागते." माझ्याकडे वेळ नव्हता. कार्ड दोन-तीन दिवसांत आंबागडला पोचणार होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मला सुचलं. आमच्या घरचं बियाणं बांबूच्या ढोलीत असायचं. बाबा ते दरवर्षी स्वतःच्या हातानं लोंब्या निवडून ठेवत. त्या बियाण्याबद्दल कोणी एक शब्द बोललेला त्यांना खपत नसे. मी त्यातलं ओंजळभर काढलं, बाबांना अंगणात बोलावलं आणि त्यांच्या डोळ्यांसमोर गंगाळात सोडलं.

तेही तरंगलं. सगळंच्या सगळं.

"पाहा बाबा," मी विजयानं म्हटलं. "आपलंही तरंगते. म्हणजे दोष पाण्याचा आहे."

बाबा बराच वेळ गंगाळात पाहत राहिले. त्यांचा चेहरा हळूहळू उतरत गेला. मग ते अगदी हळू आवाजात म्हणाले, "म्हणजे आपलंही पोचट आहे."

"नाई बाबा, पाणी..."

"चाळीस वर्षं मी लोकायले बी दिलं. पोचट बी. बी पोचट तर तुलाराम पोचट."

"मंग तर चांगलंच झालं," मी जिवाच्या आकांतानं म्हटलं. "तेही पोचट, आपणही पोचट. जोडा जमला! कार्ड परत मागवा."

"एक पोचट घर कमी होतं का, का दोन एका जागी करू?" बाबा म्हणाले, आणि गोठ्यात जाऊन बसले.

पुढचे दोन दिवस मी विसरू शकत नाही. जो माणूस आयुष्यभर भरला होता, तो एका सकाळी पूर्ण पोचट झाला. मधे कुठं थांबण्याची त्याला सोय नव्हती. बाबा खाटेवर बसेनात, जमिनीवर बसू लागले. मायनं वाढलेला दुसरा भात परत करू लागले. "पोचटाले कायले एवढं?" मंगरूनं "मालक" म्हटलं तर त्याला हात जोडू लागले. गावच्या तलाव समितीत ते पंच होते, त्याचा राजीनामा तोंडी देऊन आले. दुपारच्या उन्हात ते यादोरावांच्या दारात जाऊन उभे राहिले. सात वर्षांनी.

"यादोराव, मी पोचट आहे. तू भरला आहेस. पाणी तुहंच होतं," असं म्हणून परत आले.

यादोराव एवढे घाबरले की त्यांची बायको पार्वताबाई लिंबू, मिरची आणि अंगारा घेऊन मागोमाग आमच्या घरी आली. "गोदावरीबाई, भाऊजींची तब्येत जास्त आहे का व?" तिनं विचारलं. "हे म्हणून राहिले, का तुलाराम जाता जाता सगळं मिटवून राहिला."

माय हसली नाही. तिनं पदर खोचला आणि स्वतः चावडीवर जाऊन भैय्यालालजींना घेऊन आली.

भैय्यालालजींनी सायकल भिंतीला टेकवली. गंगाळात बोट बुडवून जिभेला लावलं. त्यांचे डोळे मिटले, मान हलली, आणि ते थुंकायला बाजूला गेले.

"किती मीठ टाकलं जी?" परत येऊन त्यांनी विचारलं.

मंगरू म्हणाला, "अर्धं पोतं."

"आणि पाणी?"

"दोन घागरी."

भैय्यालालजींनी हसू दाबायचा प्रयत्न केला, पण खांदे हलत होते. "तुलारामजी, ह्याच्यात तर मले सोडलं तरी मी तरंगन. म्हणजे मी पोचट का?"

बाबांनी वर पाहिलं. दोन दिवसांत पहिल्यांदा.

"बादली आणा," भैय्यालालजी म्हणाले. त्यांनी तिथली मोठी बादली रिकामी करून घेतली, त्यात गंगाळातलं थोडं खारं पाणी घेतलं, वर आमच्या घरचं आणि गोपीचंदांचं बी वेगवेगळ्या दोन गाळण्यांत सोडलं, आणि मंगरूला साधं पाणी तांब्या-तांब्यानं टाकायला सांगितलं. एक तांब्या. काही नाही. दुसरा. काही नाही. पाचव्या-सहाव्या तांब्याला एक दाणा हलला आणि खाली गेला. बाबा उठून जवळ आले. मग दुसरा गेला, मग दहा-बारा एकदम. जणू कोणी आतून ओढतंय. आणखी दोन तांबे पडले आणि आमच्या धानाची चटई फुटली.

"पाहून राहिले ना?" भैय्यालालजी म्हणाले. "दाणा तोच आहे. मीठ बदललं."

बाबा मांडी घालून बादलीशेजारी बसले. त्यांनी पापणी हलवली नाही. एक दाणा खालीही जात नव्हता आणि वरही येत नव्हता, मधेच उभा होता.

"हा कोणता?" बाबांनी विचारलं.

"हा मधला."

"मधला म्हणजे भरला का पोचट?"

"अर्धा भरला. हाही उगवते जी. थोडा उशिरा, थोडा बारीक. पण उगवते."

"उगवते," बाबा स्वतःशीच म्हणाले. मग त्यांनी बोटानं त्या दाण्याला हलकेच खाली ढकललं. दाणा खाली गेला आणि पुन्हा मधे येऊन उभा राहिला. बाबांनी पुन्हा ढकललं. चार-पाच वेळा झालं. शेवटी त्यांनी हात मागे घेतला.

भैय्यालालजींनी हिशोबानं पाणी नेमकं करून दिलं. आमचं बी बहुतेक सगळं बसलं, थोडे दाणे वर राहिले. गोपीचंदांचं तीन हिस्से बसलं आणि एक हिस्सा मात्र खरोखरच तरंगत राहिला. मी मनात म्हटलं, झालं. आता हा चौथा हिस्सा माझा घात करणार.

आणि तेवढ्यात फाटकातून गोपीचंद आत आले. एका हातात छत्री, दुसऱ्या हातात पोस्टकार्ड, मागे मान खाली घालून तेजराम. तुमसरहून एसटीनं मोहाडीला उतरून दोघं उन्हात चालत आले होते. मी घरात पळाले आणि दाराच्या फटीला डोळा लावला.

"हे काय आहे?" गोपीचंद गरजले. "राम राम नाई, खुशाली नाई. पोचट? आंबागडच्या गोपीचंदाचं बी पोचट?"

बाबांना मी चांगली ओळखत होते. ते आता एक तर गोपीचंदांच्या पायावर लोळण घेणार, नाहीतर तरंगणारा चौथा हिस्सा त्यांच्या तोंडावर मारणार. मधली वाट त्यांना ठाऊक नव्हती. माय माझ्या शेजारी उभी होती. ती दारातूनच बाबांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणाली, "फक्त मीठ जास्त झालं म्हणा. तेवढंच. बाकी काही म्हणू नका."

हे तीन शब्द त्यांना पायांवर लोळण घेण्यापेक्षा जड गेले असणार.

"मीठ जास्त झालं," ते म्हणाले.

"कायचं मीठ?"

बाबांनी गंगाळ दाखवलं. भैय्यालालजींनी चव घ्यायला सांगितली. गोपीचंदांनी बोट चाटलं आणि त्यांचा राग थुंकीबरोबरच अर्धा गेला.

"मंग आता बसलं का माहं बी?" त्यांनी विचारलं.

आता पाळी बाबांची होती. खोटं ते बोलू शकत नव्हते. "तीन हिस्से बसलं," ते म्हणाले. "एक हिस्सा अजून वर आहे."

गोपीचंदांनी छत्री ह्या हातातून त्या हातात घेतली. मग बादलीकडे पाहिलं, मग जमिनीकडे.

"बाबा, सांगून टाका," तेजराम हळूच म्हणाला.

"तू गप रे," गोपीचंद म्हणाले. मग स्वतःच खाटेवर बसले. "असं आहे तुलारामजी, पोतं पाऊणच भरून राहिलं होतं. इवायाच्या घरी पाऊण पोतं कसं पाठवू? द्यायचं तर पूर्ण, नाईतर नाई. म्हणून वर तीन साल जुनं बी टाकलं. तोंड शिवलं का पोतं भरलेलं दिसते."

बाबा त्यांच्याकडे बघतच राहिले. आपल्यासारखाच दुसरा माणूस त्यांना पहिल्यांदाच भेटला होता. मी दाराच्या फटीत डोळे मिटून घेतले.

"भैय्यालालजी," बाबा वळून म्हणाले, "तो पटवारी पिकाची आणेवारी करते ना? तो काय म्हणते? पीक आलं का गेलं, असं म्हणते का?"

"नाई जी. तो म्हणते नऊ आणे, अकरा आणे. सोळा आणे पीक तर कधी लिहिलेलं मी पाहिलं नाई."

"आणि शून्य?"

"शून्यही नाई. काही ना काही उगवतेच."

बाबांनी मान हलवली. "गोपीचंदजी, तुमचं पोतं बारा आणे आहे. आणि माहं कार्ड..." ते थांबले, मोजायला वेळ घेतला. "कार्ड चार आणे. रागाचं कारण थोडं खरं निघालं, म्हणून चार. नाईतर तेवढंही नव्हतं."

"तीन," माय दारातून म्हणाली. "राम राम नव्हता."

"तीन," बाबांनी मान्य केलं.

गोपीचंद खो खो हसू लागले. भैय्यालालजीही हसले. मंगरू "खरं आहे" म्हणाला. मला मात्र अजून हसू येईना, कारण सोयरीक जुळली असं कोणीच म्हटलं नव्हतं. गोपीचंदांनी डोळे पुसले आणि पुढे वाकून विचारलं, "मंग इवाई, आता पोरीची आणेवारी सांगा. खरी सांगा. मीठ न टाकता."

आधीचे बाबा असते तर छाती काढून सोळा आणे म्हणाले असते, आणि मला तेच ऐकायचं होतं. बाबांनी खूप विचार केला. बोटांवर मोजलं.

"चौदा," ते म्हणाले.

"दोन कायले कापले?"

"एक भाताचा. तिचा भात खाली लागते."

"बाबा!" मी दार उघडून बाहेरच आले. "एकदाच लागला होता, आणि तेव्हा तुम्हीच विस्तव वाढवला होता!"

"आणि दुसरा जिभेचा," बाबा गोपीचंदांना म्हणाले. "तो आता तुम्ही पाहिलाच."

अंगणात सगळे हसत होते आणि मी लाजेनं लाल होऊन मधेच उभी होते. तेजराम पहिल्यांदाच माझ्याकडे सरळ पाहत गोपीचंदांना म्हणाला, "चौदा आण्याले तर सरकार सारामाफीही देत नाई बाबा. घ्याच लागते."

"तारीख तीच ठेवा," गोपीचंद म्हणाले. "फक्त पोतं यावेळी पाऊणच पाठवीन."

मायनं सगळ्यांना जेवायला थांबवलं. भात माझ्याकडे आला. तो लागू नये म्हणून मी चुलीपुढून हललेच नाही, विस्तव तीनदा ओढला, झाकण सारखं उघडून पाहत राहिले. इतकं करूनही खाली थोडा लागलाच. मी वरचा पांढरा भात पाहुण्यांना वाढला आणि तळाचं लपवायला निघाले, तर तेजराम पत्रावळीवरून म्हणाला, "खरवड फेकू नका जी. मले ते आवडते."

बाबांनी त्याच्याकडे पाहिलं. ओठ हलले, आकडा ओठांवर आला होता. पण त्यांनी तो सांगितला नाही. नुसताच आणखी एक घास घेतला.